फुकट तपासणी आणि साडेसहा हजारांचं चूर्ण

पुण्यात कोथरूड, सहकारनगर, सिंहगड रोड, कुठल्याही सोसायटीच्या हॉलमध्ये रविवारी सकाळी असं 'मोफत आरोग्य शिबिर' भरतं. सूचना फळ्यावर लागलेली असते, सेक्रेटरींनी हॉल दिलेला असतो, म्हणून बद्धकोष्ठतेने त्रासलेले आजी-आजोबा निर्धास्त जातात. तिथे हातात धातूची एक दांडी धरायला देतात. मिनिटभरात लॅपटॉपवर आतडी, यकृत, किडनी सगळ्यांचे आकडे उमटतात. त्या दांडीला यातलं काहीही कळत नाही. आकडे निघतात ते सुरुवातीला भरून घेतलेल्या वय, उंची, वजनावरून. शंका असेल तर त्याच माणसाचं वय २० वर्षांनी कमी टाकून पुन्हा दांडी धरायला लावा.

पुढचं वाक्य ठरलेलं: "आजोबा, आतड्यात पाच-सात किलो जुना मळ चिकटलाय." असा थर वर्षानुवर्षं बसत नाही. आतड्याचं आतलं अस्तरच दर काही दिवसांनी नवं होतं.

मग येतो पोट साफ करणाऱ्या चूर्णाचा तीन महिन्यांचा 'कोर्स'. एका घरातून आमच्याकडे आलेलं पाकीट असं होतं: पुढे '१०० टक्के आयुर्वेदिक', मागे घटकांच्या जागी '२१ दुर्मिळ वनौषधी', आणि त्यातल्या एकीचंही नाव नाही. बॅच नंबर नाही, औषध उत्पादनाचा परवाना क्रमांक नाही. कोपऱ्यात बारीक अक्षरात १४ आकडी नंबर. हा अन्नपदार्थाचा परवाना, औषधाचा नव्हे, पण नुसता नंबर बघून समाधान मानणाऱ्याला तेवढा पुरतो. पावती कच्ची, ६,५०० रुपये रोख, खाली नुसता एक मोबाइल नंबर.

"पण दुसऱ्या दिवशी पोट साफ झालं हो!" हे सगळेच सांगतात, आणि खरी मेख इथेच आहे. रात्री घेतलं, ६ ते १२ तासांत मुरडा येऊन पातळ झालं, तर त्यात बहुधा सोनामुखी असते. ती मंडईजवळच्या काष्ठौषधींच्या दुकानात कितीतरी स्वस्त मिळते. एकदा आतडं पूर्ण रिकामं झालं की ते भरायला दोन-तीन दिवस जातात. त्या दिवसांत शौचाला होत नाही, हे साहजिकच आहे. विक्रेता नेमका तेव्हाच फोन करतो: "बघा, अजून मळ अडकलाय, डोस वाढवा." दुसरं पाकीट असं खपतं.

पैशांपेक्षा शरीराचं नुकसान मोठं. रोजच्या जुलाबाने पाणी आणि पोटॅशियम घटतं. लघवीची गोळी किंवा हृदयासाठी डिगॉक्सिन चालू असेल तर ठोके बिघडू शकतात. रात्री घाईने संडासात जाताना पडणं वेगळंच. आणखी एक गफलत होते. घट्ट खडा अडकलेला असतो आणि त्याच्या बाजूने पातळ पाणी झिरपतं, घरच्यांना वाटतं जुलाब होताहेत. तिथे चूर्णही नको आणि जुलाब थांबवायची गोळीही नको. डॉक्टरांनी बोटाने तपासून खडा काढायचा असतो.

बद्धकोष्ठतेचं खरं कारण साधारणपणे रोजच्या औषधांच्या पिशवीतच सापडतं. लोहाच्या आणि कॅल्शियमच्या गोळ्या, ट्रॅमाडॉल, वारंवार लघवीसाठीचं ऑक्सिब्युटिनिन, झोपेसाठी दिलेलं अमिट्रिप्टिलिन, रक्तदाबाची काही औषधं, ही सगळी आतडं सुस्त करतात. पिशवी उचलून डॉक्टरांना दाखवा, पण गोळ्या आपल्या मनाने बंद करू नका. थायरॉइड तपासून घ्या. कवळी बसत नाही म्हणून भाकरी-भाजी सुटते आणि चहा-खारीवर दिवस निघतो, तेही बघा.

नाश्त्यानंतर अर्ध्या तासात आतडं आपोआप हलतं. त्या वेळेला रोज दहा मिनिटं बसवा, कमोडपुढे पायाखाली वीतभर उंच पाट द्या, म्हणजे गुडघे कमरेच्या वर येतात. इसबगोल एक चमचा पूर्ण ग्लासभर पाण्यात, घेऊन लगेच आडवं व्हायचं नाही. पाणी कमी पडलं तर तेच घशात किंवा आतड्यात गोळा होऊन अडकतं, म्हणून अंथरुणाला खिळलेल्यांना ते देऊच नये. त्यांच्यासाठी डॉक्टर पॉलिइथिलीन ग्लायकॉलची पूड १७ ग्रॅम किंवा लॅक्ट्युलोज १५ ते ३० मिलि लिहून देतात. याला एक ते तीन दिवस लागतात. 'उद्या सकाळी हमखास' असं कुणी सांगितलं तर ते उत्तेजक रेचक, म्हणजे सोनामुखीसारखं आतड्याला जबरदस्तीने हलवणारं औषध, समजा. लिक्विड पॅराफिन गिळताना ठसका लागणाऱ्यांना नको, ते फुप्फुसात जातं. किडनी कमजोर असेल तर मिल्क ऑफ मॅग्नेशिया आणि फॉस्फेटचा एनिमाही नको. पाण्यावर डॉक्टरांनी मर्यादा घातली असेल तर इसबगोल विचारूनच. आयुर्वेदच हवा असेल तर रास्ता पेठेत ताराचंद रुग्णालय आहे, वैद्य नाडी बघून, चालू औषधं विचारून देतील.

शौचात रक्त, वजन घटणं, उतारवयात अचानक बदललेली सवय, किंवा पोट फुगून उलट्या आणि वाराही सरत नाही, यात शिबिर काय आणि घरगुती चूर्ण काय, कशासाठीही न थांबता थेट डॉक्टरांकडे जायचं.

पैसे गेले असतील तर पाकीट फेकू नका, पावती आणि फोनवरचे मेसेज जपा. औषध म्हणून विकलेल्या मालाची तक्रार अन्न व औषध प्रशासनाकडे, पैशांची राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइन १९१५ वर. ऑनलाइन पैसे पाठवून फसले असाल तर लगेच १९३०. पत्रकावर मधुमेह किंवा रक्तदाब बरा करण्याचा दावा असेल तर तेही तक्रारीला जोडा. १९५४ च्या कायद्याने अशा जाहिरातीला बंदी आहे. जिल्हा ग्राहक आयोगात मालासाठी मोजलेली रक्कम ५ लाखांपर्यंत असेल तर फी लागत नाही, आणि वकील न लावताही तक्रार देता येते.