आधी काडी, मग बंदूक: ‘द लाँग डार्क’ काही महिने खेळल्यावर

भाच्याने ‘द लाँग डार्क’ हा व्हिडिओ गेम घेतला आणि पहिला मेसेज आला, “आत्या, रायफल कुठे मिळते गं?” दुसऱ्या दिवशी दुसरा मेसेज, “मेलो.” कशाने, म्हणून विचारलं तर म्हणे थंडीने. रायफल खांद्याला लटकलेलीच होती.

हा गेम नव्याने घेणाऱ्या जवळपास प्रत्येकाकडून मी हेच ऐकते आणि दरवेळी चिडते. बंदुकीचा पत्ता विचारणारे ढिगाने भेटतात. काडेपेटीत किती काड्या उरल्यात, हे सांगणारा एकही भेटत नाही. म्हणून हे सविस्तर लिहायला बसले. गेम काय आहे, कॅनडाच्या उत्तरेकडचं बर्फाळ बेट, विमान कोसळणं, मेलात की सेव्ह पुसली जाते, हे सगळं तुम्हाला माहीत आहे असं धरते. विंटरम्यूट ही कथा मी बाजूला ठेवते. मी बोलतेय ते फक्त सर्व्हायव्हल मोडबद्दल, म्हणजे कथा नाही, फक्त जिवंत राहायचं.

या गेममध्ये ऊब, थकवा, तहान आणि भूक असे चार मीटर असले तरी ते सारख्या वेगाने मारत नाहीत. उपाशी माणूस बराच काळ तग धरतो, तहानलेला त्याहून कमी. पण ऊब शून्यावर गेली की प्रकृतीचा टक्का डोळ्यांदेखत घसरतो. म्हणजे पहिल्या आठवड्यात तुमचा खरा शत्रू थंडी आहे आणि थंडीवरचा हमखास इलाज विस्तव. विस्तवाशिवाय पाणीही नाही, कारण बर्फ वितळवून उकळल्याशिवाय प्यायलात तर पोट बिघडतं. मांस शिजवायला विस्तव, जखमेनंतरचा चहा करायला विस्तव. आणि या सगळ्याच्या मुळाशी ती एक काडी.

सुरुवातीला फायरस्टार्टिंगची लेव्हल कमी असते, त्यामुळे पेटवण्याचा प्रयत्न फसतो आणि फसला तरी काडी जातेच. हे मला इतकं खुपतं की काडी ओढायच्या आधी मी सगळी तयारी करून ठेवते: जमिनीवरच्या काटक्या गोळा, पटकन पेट घेणारं काहीतरी (वर्तमानपत्र, बर्चची साल, पाणकणसाचं बोंड) पिशवीत, वाऱ्याचा आडोसा शोधलेला, शिजवायचं आणि वितळवायचं सगळं एकाच जाळावर उरकायचं ठरलेलं. पाच मिनिटं ऊब हवी म्हणून काडी जाळणं ही उधळपट्टी आहे. थंडी वाजत असेल तर आधी चालत राहा, आडोशाला जा, कपडे बदला. काडी शेवटी.

आता ज्या एका गोष्टीसाठी हा गेम मला मनापासून आवडतो ती सांगते. पेटत्या जाळातून मशाल काढता येते. नवे खेळाडू हा पर्याय बघतात आणि पुढे जातात, त्याचं मोल त्यांच्या लक्षात येत नाही. समजा, मिस्टरी लेक या गेममधल्या प्रदेशात, तिथल्या कॅम्प ऑफिस या इमारतीत सकाळी चूल पेटलेली आहे, पाणी उकळून झालंय, जाळ आता थोडाच वेळ चालणार आहे. अशा वेळी चूल तशीच विझू द्यायची नाही. एकामागून एक मशाली काढायच्या, एक हातात पेटती ठेवायची, बाकीच्या विझवून पिशवीत. त्या अर्धवट जळालेल्या असतात, फार टिकत नाहीत, पण फुकट असतात. मग पेटती मशाल घेऊन दाराबाहेर पडायचं आणि गोठलेल्या तळ्यावरच्या मासेमारीच्या झोपडीपर्यंत तडक चालत जायचं. झोपडीत लहानशी चूल आहे. मशालीने ती पेटवायची. प्रयत्न फसला तरी मशाल हातात जळतच असते, दुसऱ्यांदा लावायची. चूल पेटली, काडी एकही गेली नाही. बर्फ फोडून गळ टाकायचा, मासा लागेल तसा तिथेच शिजवायचा, आणि परतताना त्या चुलीतून पुन्हा मशाल. एका काडीवर सकाळ आणि दुपार दोन्ही निघतात. ऊन स्वच्छ पडलं असेल आणि भिंग सापडलेलं असेल तर तीही एक काडी वाचते. भिंग घरात किंवा ढगाळ हवेत चालत नाही, म्हणून दिवसाचं मोठं काम मी उन्हाच्या वेळेलाच बांधते.

वाटेत लांडगा आडवा आला तरी तीच मशाल उपयोगी पडते. पेटती मशाल हातात असेल तर तो अंतर राखून घुटमळतो, फेकली तर बहुतेकदा पळतो. रायफलचं वजन सुमारे 4 किलो आणि पाठीवर तुम्ही 30 किलोच्या आत राहायचं. गोळ्या मोजक्या, नेम कच्चा, आणि नेम धरून उभं राहण्यात जाणारा वेळ थंडीतच जातो. पहिल्या काही दिवसांत सापडलेली रायफल मी घरी ठेवून निघते.

लांडग्यांचं खरं कारण बहुतेक वेळा तुमच्या पिशवीत असतं. कच्चं मांस आणि आतडी यांना वास येतो, स्क्रीनवर त्याच्या रेघा दिसतात. तीन रेघा घेऊन तळ्यावरून चालणं म्हणजे आमंत्रण. शिकार केली तर तिथेच शेकोटी करून शिजवा, किंवा जवळच्या आडोशाला ठेवून फेऱ्या मारा. मांस घराबाहेर थंडीत ठेवलं तर जास्त टिकतं, हेही नव्यांना उशिरा कळतं. आणि वास हवाच नसेल तर गोठलेल्या पाणथळीच्या काठाचं पाणकणीस आहे. एका देठाला 150 कॅलरी, ते सडत नाही, वास येत नाही, आणि बोंड जाळ पेटवायला कामी येतं. पाणकणीस दिसलं आणि न तोडता पुढे गेलात असं कधी करू नका. (खऱ्या जंगलातले लांडगे सहसा माणसाला टाळतात. गेममधले टाळत नाहीत, ते गेमच्या सोयीचं आहे आणि मला ते मान्य आहे.)

माझी तक्रार आहे ती वाऱ्याबद्दल. उघड्यावर शेकोटी केली, आडोशाची खूण दिसली म्हणून निर्धास्त झालात, आणि तासाभराने वारा फिरला की शेकोटी विझते. त्यात टाकलेलं सगळं लाकूड गेलं, अर्धवट उकळलेलं पाणी थंड झालं. कुऱ्हाडीने तोडायला गेलेला वेळ, त्यात खर्च झालेल्या कॅलरी, काडी, सगळं मातीमोल. हातातली मशालही वाऱ्याने विझते. गेमच्या इतर कुठल्याही संकटाची मला इतकी चीड येत नाही. अस्वल दिसतं, हिमवादळ येताना जाणवतं, पातळ बर्फ पायाखाली करकरतो. वारा मात्र न सांगता फिरतो.

वरचं लिहून मध्ये काही दिवस गेले, तेवढ्यात स्टॉकर या कठीण पातळीवर पुन्हा नव्याने सुरुवात केली, आणि वाऱ्याबद्दलचं मत मी बदलतेय. पूर्ण नाही, पण बरंच. वारा नसता तर मी कुठेही बसकण मारली असती आणि गुहांना काही अर्थच उरला नसता. या वेळी मी एक नियम धरला: उघड्यावर पेटवलेल्या जाळावर एका वेळी थोडंच लाकूड टाकायचं, मोठा साठा फक्त गुहेत, चुलीत किंवा शेकडीत. वारा फिरलाच तर दोन काटक्या जातात, मोळी जात नाही. या नियमाने चालायच्या वाटाही बदलल्या. आता मी सरळ रस्त्याने न जाता एका गुहेपासून दुसऱ्या गुहेपर्यंत जाते आणि प्रत्येक गुहेत थोडी लाकडं टाकून ठेवते. कपड्यांच्या पानावर ऊब आणि वाऱ्यापासून बचाव हे दोन आकडे वेगवेगळे दिसतात. नवे लोक पहिलाच बघतात. जाड लोकरी स्वेटर आत आणि वारा अडवणारं वर, एवढं केलं की निम्म्या वेळा शेकोटीची गरजच पडत नाही. तरी वारा फिरताना एखादी खूण दिसायला हवी होती, हे माझं म्हणणं कायम आहे.

जेवणाबद्दलही माझं मत असंच फिरलं. जुन्या खेळाडूंची एक प्रसिद्ध युक्ती आहे: दिवसभर उपाशी राहायचं आणि झोपण्याआधी थोडं खायचं, म्हणजे रात्रीच्या झोपेत प्रकृती भरून निघते आणि अन्न वाचतं. माझ्या काटकसरी स्वभावाला ही युक्ती पटकन पटली आणि मी बराच काळ तशीच खेळले. पण सलग 72 तास भूक शून्यावर जाऊ दिली नाही तर प्रकृतीला 5 टक्के आणि ओझ्याला 5 किलोची वाढीव मर्यादा मिळते. 5 किलो म्हणजे लाकडाची एक चांगली खेप. हिशोब मांडला तर वाचवलेल्या अन्नापेक्षा ते 5 किलो जास्त भरतात. आता मी पोटभर खाते. नव्यांनी मात्र पहिल्या दोनतीन दिवसांत अन्न कमी पडलं तर घाबरू नये, भूक हळू मारते.

मुरगळण्याबद्दल लोक फार ओरडतात. उतारावर आणि जास्त ओझ्यासह चाललात की घोटा किंवा मनगट मुरगळतं; धोक्याची खूण आधी दिसते, ती दिसली की वाट बदला. मनगट मुरगळलं की रायफल आणि धनुष्य हाती धरता येत नाही, मशाल धरता येते. पडदे फाडून कापड करा, कापडाच्या पट्ट्या करा, दोनचार कायम जवळ ठेवा. झाडावरून लोंबणारं दगडफूल जखमेवर लावलं तर जखम चिघळत नाही, जंगली गुलाबाच्या फळांचा चहा वेदनेवर चालतो आणि रेशी अळंबीचा चहा अँटिबायोटिकच्या जागी. हे सगळं वाटेत फुकट मिळतं, फक्त वाकून घ्यायचं.

सुरुवात कुठे करावी? मिस्टरी लेक, दुसरा विचारही नको. कॅम्प ऑफिसमध्ये चूल आहे, खाटा आहेत, समोर मासेमारीचं तळं, आणि ट्रॅपरच्या झोपडीच्या आसपास ससे. सशाला दगड मारला की तो भोवंडतो, तेवढ्यात उचलायचा. एक गोळीही खर्च होत नाही. पिलग्रिम या सर्वात सोप्या पातळीवर प्राणी हल्ला करत नाहीत म्हणून अनेक जण त्याला हसतात. पहिले काही दिवस तिथेच घालवा, कारण जाळ, वारा आणि कपडे यांचं गणित लांडग्यांच्या कटकटीशिवाय तिथेच नीट शिकता येतं. मग त्याच्या वरची पातळी, व्हॉयाजर. इंटरलोपर या फार कठीण पातळीवर बंदूक मिळतच नाही, चाकू आणि कुऱ्हाड भट्टीवर स्वतः घडवावी लागते. बंदुकीवर शिकलेला माणूस तिथे अडतो, काडीवर शिकलेला निभावून नेतो.

घर लागलं म्हणून त्यात दडून बसू नका. फार दिवस आतच राहिलात तर कोंडल्याचा आजार होतो आणि मग घरात झोपताच येत नाही. रोज लाकडासाठी बाहेर पडत राहा. नकाशा आपोआप भरत नाही, विझलेल्या शेकोटीतला कोळसा उचलून तो स्वतः काढावा लागतो; म्हणून राख दिसली की कोळसा घ्यायचा.

ऑरोराची, म्हणजे आकाशातल्या ध्रुवीय प्रकाशाची, रात्र पहिल्यांदा आली तेव्हा मी खुर्चीत सरसावून बसले होते. सगळं बेट मृत, आणि अचानक खोलीतला दिवा लागतो, कॉम्प्युटर सुरू होतो. ही कल्पना निव्वळ हवेतली नाही. 13 मार्च 1989 रोजी भूचुंबकीय वादळाने कॅनडातल्या क्युबेक प्रांताची वीज घालवली होती, सुमारे 60 लाख लोक कित्येक तास अंधारात होते. गेमने तेच उलटं वळवलंय: वीज कायमची गेलेली, आणि आकाश पेटलं की ती तेवढ्यापुरती परत येते. त्या रात्री जमिनीवर लोंबणाऱ्या तारांमध्येही वीज उतरते आणि लांडगे जास्त चवताळतात, तेव्हा बघायचं ते खिडकीतून बघा.

‘टेल्स फ्रॉम द फार टेरिटरी’ हा जोड भाग डिसेंबर 2022 पासून टप्प्याटप्प्याने येत गेला. नवे प्रदेश, नव्या वस्तू, सगळं चांगलं आहे. भाचा आता तोच घ्यायचं म्हणतोय. मी त्याला सांगितलंय, मूळ गेममध्येच कित्येक महिने पुरेल एवढी जमीन आहे, आधी मिस्टरी लेक आणि कोस्टल हायवे नकाशाशिवाय ओलांडता आले पाहिजेत. तोवर पैसे खर्च करू नकोस.