कार्ल फ्रॉइंड: कॅमेऱ्यामागचा की दिग्दर्शकाच्या खुर्चीतला?

बर्लिनमध्ये घडलेला फ्रॉइंड सिनेमाचा छायाचित्रकारही होता आणि दिग्दर्शकही; त्यातलं त्याचं छायाचित्रणच आम्हाला उजवं वाटतं. 'डेअर लेट्झ्टे मान' (1924) या जर्मन मूकपटात मद्यधुंद दरवान झोकांड्या खातो. तिथे स्टँडवरचा कॅमेरा फक्त बाहेरून बघत राहिला असता. म्हणून फ्रॉइंडने कॅमेरा छातीला बांधला, तोल सांभाळायला पाठीवर बॅटरी घेतली आणि स्वतःच झोकांड्या खात दृश्य टिपलं. सुरुवातीला कॅमेरा लिफ्टमधून खाली उतरून हॉटेलच्या दालनातून पुढे जातो. त्यासाठी सायकल वापरली होती.

दिग्दर्शक म्हणून त्याचा 'द ममी' (1932) मात्र आवर्जून बघावा. ममी जिवंत होते तेव्हा डोळे किलकिले होतात, हात हलतो आणि मग फरशीवरून सरपटत जाणारी पट्ट्यांची टोकंच दिसतात. चालणारं प्रेत दाखवतच नाही, म्हणून भीती टिकते. हीसुद्धा कॅमेरामनचीच नजर!

'मॅड लव्ह' (1935) नंतर त्याने दिग्दर्शन सोडलं. पुढे 'द गुड अर्थ' या चित्रपटाच्या छायाचित्रणाला ऑस्कर मिळालं. 1951 पासून 'आय लव्ह लूसी' या अमेरिकी विनोदी टीव्ही मालिकेसाठी तीन कॅमेरे एकाच वेळी चालत. प्रत्येक कोनाला वेगळे दिवे लावणं अशक्य, म्हणून त्याने वरून सपाट, एकसारखा प्रकाश दिला.