दादाच्या अपघात क्लेमसाठी केलेल्या वकील मॅडम, आमचा अनुभव (5 पैकी 4 स्टार)

नाव इथे टाकत नाही, मॅडमनीच नको म्हणून सांगितलं, वकिलांना जाहिरात करायला बंदी आहे. पण ज्यांच्या घरावर ही वेळ आलीय त्यांना वकील निवडताना उपयोग होईल म्हणून सविस्तर लिहितोय.

ऑगस्ट 2023 मधे नाशिक हायवेला मंचरच्या अलीकडे टेम्पो राँग साइडने आला आणि दादाच्या गाडीला समोरून धडकला. दादा जागेवरच गेला. वय 34, फॅब्रिकेशनचं छोटं शेड, मागे वहिनी, दोन लहान मुलं आणि आई. दहाव्याला आम्ही घाटावरून अजून घरी पण आलो नव्हतो तर एक माणूस दारात येऊन बसलेला, 50 लाख मिळवून देतो, आत्ता एक रुपया नको, पैसे आले की 25 टक्के आमचे, आणि कोरं वकीलपत्र पुढे केलं. मामा म्हणाले करून टाक सही, वहिनी म्हणाली आज नाही. त्या दोन शब्दांनी आम्ही वाचलो, कारण नंतर कळलं की मिळणाऱ्या पैशात टक्केवारी घ्यायला बार कौन्सिलच्या (वकिलांवर देखरेख करणारी संस्था) नियमानेच मनाई आहे.

मॅडमकडे दादाचा मित्र घेऊन गेला. पहिल्या भेटीत त्यांनी आकडाच सांगितला नाही, आधी कागद मागितले: एफआयआर, घटनास्थळ पंचनामा, इन्क्वेस्ट (मृतदेहाचा पंचनामा), पीएम म्हणजे पोस्टमॉर्टेम रिपोर्ट, टेम्पोची आरसी, इन्शुरन्स पॉलिसी, ड्रायव्हरचं लायसन्स. वयाचा पुरावा म्हणून मी आधार कार्ड दिलं तर त्यावर 1 जानेवारी 1987, म्हणजे 36 वय. मॅडम म्हणाल्या शाळेचा दाखला आणा. आईच्या पेटीतून काढला, त्यावर मे 1989. मला वाटलं दोन वर्षांनी काय फरक पडतो, तेव्हा त्यांनी त्या दाखल्याच्या झेरॉक्सच्या मागेच हिशोब मांडून दाखवला. महिना 20,000 कमाई धरली, स्वतःचा धंदा आणि वय 40 च्या आत म्हणून पुढच्या वाढीचे 40 टक्के धरून 28,000, घरात अवलंबून असणारे चार जण म्हणून त्याचा स्वतःचा खर्च म्हणून पाव भाग वजा, राहिले 21,000, वर्षाचे 2,52,000. याला वयाप्रमाणे गुणायचं, 31 ते 35 ला 16 ने आणि 36 ते 40 ला 15 ने. म्हणजे आधारवरच्या चुकीच्या तारखेने मुलांचे अडीच लाख जात होते! 16 ने 40,32,000 होतात, शिवाय अंत्यविधी वगैरेचे वेगळे. पुढे टेम्पोच्या इन्शुरन्स कंपनीच्या वकिलांनी आधार काढलंच, तर मॅडमनी सुप्रीम कोर्टाचा ऑक्टोबर 2024 चा निकाल दाखवला की आधार हा जन्मतारखेचा पुरावा नाही.

खरी अडचण कमाईची होती. दादाने रिटर्न कधी भरले नव्हते, आणि कंपनी म्हणे 10,000 च धरा. दादाची एक लाल कव्हरची वही होती, गेट कुणाचं, ग्रिल किती फूट, किती आले किती बाकी, सगळं त्याच्या हाताने लिहिलेलं, पानांना अजून ऑइलचे बोटांचे डाग. मॅडमनी ती अख्खी वाचली, बँक पासबुकाशी एकेक जमा ताडून बघितली आणि वहीतली दोन गिऱ्हाइकं साक्षीला उभी केली. इतकं कोण करतं हो.

उलटतपासणीत कंपनीच्या वकिलांनी वहिनीला विचारलं, दुसरं लग्न करणार का. वहिनी रडायलाच लागली. मॅडमनी लगेच हरकत घेतली, आणि बाहेर आल्यावर तिला पाणी देऊन सांगितलं की विधवेने लग्न केलं तरी तिची भरपाई नाकारता येत नाही, मुंबई हायकोर्टाने तसं म्हटलंय.

फी ठरलेली, तीन टप्प्यात, प्रत्येक वेळी पावती. आणि पहिल्याच दिवशी त्यांनी स्वतःहून सांगितलं की फी जड जात असेल तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात जा, महिलांना उत्पन्न कितीही असो वकील फुकट मिळतो. क्लेम पाचव्या महिन्यात टाकला, एप्रिल 2022 पासून अपघातानंतर 6 महिन्यांची मुदत आहे त्यामुळे सुतक फिटलं की कागदाच्या मागे लागा.

एक स्टार कापला तो फोनचा. तारखेच्या आदल्या दिवशी फोन उचलत नाहीत, दोनदा आम्ही आईला घेऊन कोर्टात गेलो आणि तिथे कळलं तारीख पुढे गेलीय. गुडघे दुखणाऱ्या माणसाला ते जिने चढवून परत उतरवायचं म्हणजे फार त्रास होतो, एक मेसेज तरी टाकायला हवा होता.

सप्टेंबर 2025 च्या लोक अदालतीत कंपनी 17 लाखांपासून सुरू झाली आणि 31 लाखांना तडजोड झाली. मॅडमनी आधी स्पष्ट सांगितलं होतं की इथे सही केली की पुढे अपील नाही, लढलात तर जास्तही मिळू शकतात पण वर्षं जातील, ठरवायचं तुम्ही. वहिनीने ठरवलं. मुलांचा हिस्सा 18 वर्षं होईपर्यंत राष्ट्रीयकृत बँकेत एफडीला आहे.

लाल वही अजून कोर्टातच जमा आहे. ती परत मिळावी म्हणून मॅडमनी अर्ज दिलाय, त्याचे पैसे घेतले नाहीत. आई दर आठवड्याला विचारते, वही आली का.