ओल कुणाला दाखवावी: मिस्त्री, वॉटरप्रूफिंगवाला की इंजिनिअर?

अमळनेरच्या आमच्या घरात हॉलच्या पश्चिमेकडच्या भिंतीला चार वर्षांत तीनदा पुट्टी आणि रंग झाला. रंग दोन-चार महिने टिकायचा, मग पोपडे सुटायचे. नखाने ओढलं की पापुद्रा हातात यायचा आणि मागे पांढरी भुकटी. आधी मिस्त्रीला दाखवलं. मग एका वॉटरप्रूफिंग कंपनीकडून गच्चीला कोटिंग करून घेतलं, त्यात ३८,००० रुपये गेले. शेवटी जळगावहून एका स्ट्रक्चरल इंजिनिअरला बोलावलं. तिन्ही रस्ते पैसे मोजून पाहिलेत, म्हणून ज्यांच्या घरी आत्ता हीच घालमेल चालू आहे त्यांच्यासाठी लिहितोय.

आधी घरच्यांनीच बघायचं

कुणालाही बोलावण्याआधी ओल कधी वाढते ते आठवा. फक्त पावसात वाढत असेल तर गच्ची, पॅरापेट (गच्चीचा कठडा) किंवा बाहेरच्या भिंतीची भेग. मार्च ते जूनमध्येच दिसत असेल तर खिडकीतला कूलर बघा. आपल्याकडे चार महिने कूलर चालतो, त्याचं ठिबकणारं पाणी खिडकीखालच्या भिंतीत मुरतं आणि दोष मागच्या पावसाळ्याला जातो. बाराही महिने ओल असेल तर पाईप, बाथरूम किंवा टाकी. जमिनीपासून दोन-तीन फुटांपर्यंतच असेल तर खालून चढणारी ओल, आणि शेजारी हौद असेल तर तोही संशयित.

शहरात नळाच्या मीटरवरून गळती शोधतात, पण आपल्याकडे पाणीच रोज येत नाही, त्यामुळे परीक्षा टाकीची घ्यायची. रात्री वापर थांबल्यावर हौदात पाण्याच्या पातळीवर खडूची रेघ मारा आणि सकाळी बघा. पाणी रेघेच्या खाली गेलं असेल तर कुठेतरी गळती आहे. दुसरं, भिंतीवर हातभर प्लास्टिकचा कागद चारही बाजूंनी चिकटपट्टीने घट्ट लावून एक दिवस ठेवा. आतल्या बाजूला थेंब जमले तर पाणी भिंतीतून येतंय, बाहेरच्या बाजूला जमले तर खोलीतल्या दमट हवेचं आहे. ओल स्विचबोर्डापर्यंत गेली असेल तर हे सगळं राहू द्या. मेन स्विच बंद करा आणि आधी इलेक्ट्रिशियनला बोलवा.

मिस्त्री

मिस्त्रीचा हात खरा अनुभवी असतो. आमच्या मिस्त्रीने भिंतीवर थापीच्या मुठीने टकटक करत प्लास्टर कुठवर पोकळ झालंय ते पाच मिनिटांत खडूने आखून दाखवलं, आणि ती रेघ पुढे अगदी बरोबर निघाली. पण प्लास्टरच्या मागे पाणी कुठून येतं ते त्याला दिसत नव्हतं. त्याच्याकडचा इलाज प्लास्टरचा, म्हणून त्याने प्लास्टर केलं. गच्चीचा उतार, पॅरापेटची फट, तुंबलेला पावसाळी पाईप, अशी डोळ्यांना दिसणारी गोष्ट असेल तर मिस्त्री पुरेसा आहे. तिथे इंजिनिअरची फी घालवू नका.

धाब्याच्या घरासाठी तर मी जुन्या मिस्त्रीलाच आधी विचारेन. मातीचं धाबं, खालच्या कड्या, पावसाआधी वर पसरायची खारी माती, हे त्याच्या हातातलं काम आहे. खारी भिजली की फुगून बारीक छिद्रं बुजवते. कुणी त्या धाब्यावर सिमेंटचा कोबा टाकायला सांगितलं तर थांबा. वजन वाढतं, आणि कोब्याला भेग पडली की आत गेलेली ओल वाळत नाही, खालचं लाकूड कुजतं.

कंपनीची फुकट पाहणी

फोन केला की दुसऱ्या दिवशी माणूस येतो, हातात ओल मोजायचं यंत्र असतं, आकडा दाखवतो. आकडा पाहून माणूस घाबरतो, मीही घाबरलो. ते यंत्र भिंतीतून वीज किती सहज जाते ते मोजतं. भिंतीत क्षार साचले असतील, म्हणजे ती पांढरी भुकटी, तर भिंत फार ओली नसतानाही आकडा चढतो. हे मला कुणी सांगितलं नव्हतं. त्या पाहणीत वरच्या बाथरूमचं दारही उघडलं गेलं नाही. गच्ची मोजली आणि चौरस फुटाचा दर लिहून दिला.

पाहणी फुकट असते कारण तिचा खर्च कामात धरलेला असतो. त्यात लबाडी आहे असं मी म्हणत नाही, पण ज्याच्याकडे कोटिंग आहे त्याला गच्चीच दिसणार. गॅरंटीच्या कागदात फक्त कोटिंग उखडण्याची हमी होती. हॉलच्या भिंतीबद्दल त्यात एक ओळ नव्हती. पाणी कुठून येतं ते पक्कं ठरल्यावर मात्र हीच मंडळी उपयोगी पडतात. तेव्हा दोन-तीन जणांचे दर घ्या, कोट किती, जाडी किती ते लिहून घ्या, आणि काम झाल्यावर गच्चीवर पाणी साठवून दाखवायची अट घाला.

स्वतंत्र इंजिनिअर

फी ४,५०० रुपये ठरली. आल्या आल्या त्यांनी भिंत पाहिलीच नाही, आईला विचारलं, "काकू, एप्रिलात ही भिंत वाळते का?" आई म्हणाली, नाही वाळत. बाहेर ४३ अंशांचं ऊन असताना न वाळणाऱ्या भिंतीचा पावसाशी काय संबंध! चार वर्षांत हा प्रश्न आम्हीही स्वतःला विचारला नव्हता.

थर्मल कॅमेरा त्यांच्या बॅगेत होता, पण दुपारी काढला नाही. कॅमेऱ्याला पाणी दिसत नाही, तापमानातला फरक दिसतो, आणि दुपारच्या उन्हात पश्चिमेची भिंत सगळीच तापलेली असते. सूर्य मावळल्यावर त्यात वरच्या बाथरूमच्या कोपऱ्यापासून खाली येणारा गार पट्टा दिसला. तेवढ्यावर त्यांनी निकाल दिला नाही. नहाणीचा ट्रॅप, म्हणजे फरशीतलं पाणी जायचं तोंड, कापडाने घट्ट बुजवला, बाथरूममध्ये दोन इंच लाल रंगाचं पाणी भरलं आणि एक दिवस तसंच ठेवलं. हॉलच्या प्लास्टरला एक बोटभर छिद्र पाडलं होतं, त्यातून काही आलं नाही. म्हणजे फरशी आणि स्लॅब ठीक. मग ट्रॅपचा बोळा काढला. पाणी वाहून गेलं आणि तासाभरात त्या छिद्रातून लालसर ओघळ आला. ट्रॅपच्या खालचा जोड सुटला होता. प्लंबरचं काम ६,५०० रुपयांत झालं.

काही ठिकाणी निवडीला जागाच नाही. स्लॅबचं कव्हर (सळईवरचा काँक्रीटचा थर) सुटून सळई दिसत असेल, गंजाचे तांबडे डाग असतील, बीम किंवा कॉलमला भेग असेल, तर मिस्त्रीकडून वरून सिमेंट फासू नका. गंजलेली सळई फुगते आणि आतून काँक्रीट फोडत राहते, फासलेलं सिमेंट तिला फक्त झाकतं. अशा वेळी इंजिनिअर हातोड्याची चाचणी, ध्वनिलहरींची चाचणी आणि सळईच्या गंजाची चाचणी करून घेतात. काळ्या मातीवरचं घर असेल तर खिडकीच्या कोपऱ्यातून तिरप्या जाणाऱ्या भेगांकडेही लक्ष ठेवा. ती माती पावसात फुगते, उन्हाळ्यात आकसते, आणि पाया हलतो. जळगाव, धुळ्यासारख्या महापालिकेच्या हद्दीत ३० वर्षांहून जुन्या इमारतीची स्ट्रक्चरल इंजिनिअरकडून तपासणी कायद्यानेच करावी लागते.

नवा फ्लॅट असेल तर गोष्ट वेगळी. २०१६ च्या रेरा कायद्याप्रमाणे (बिल्डरांवर नियंत्रण ठेवणारा कायदा) ताबा मिळाल्यापासून ५ वर्षांत बांधकामाचा दोष दाखवला तर बिल्डरने तो ३० दिवसांत फुकट दुरुस्त करून द्यायचा असतो. तिथे इंजिनिअरचा सही-शिक्क्याचा अहवाल कामाला येतो.

पुराचंही वेगळं. ऑगस्ट २०२१ मध्ये चाळीसगावात तितूर आणि डोंगरी नद्यांचं पाणी घरांत शिरलं, तशा वेळी महसूलचा पंचनामा होतो. तो नुकसानभरपाईसाठी असतो. भिंत राहण्याजोगी आहे का, ते त्यात कुणी सांगत नाही. घराचा विमा असेल तर सर्व्हेअर येईपर्यंत फोटो काढून ठेवा. पूर किंवा टाकी-पाईप फुटणं घरविम्यात बहुधा बसतं, वर्षानुवर्षं झिरपलेली ओल बसत नाही.

इंजिनिअर शोधताना फोनवर पहिला प्रश्न विचारा, "दुरुस्तीचं काम तुम्हीच घेता का?" घेत असतील तर दुसरा शोधा. पाणी कुठून येतं, ते कोणत्या चाचणीने ठरवलं आणि आधी काय दुरुस्त करायचं, हे फोटोंसकट लेखी देणार का, तेही फी ठरवतानाच बोलून घ्या. गच्चीच्या गळतीसाठी शक्यतो श्रावणात बोलवा. मे महिन्यात बोलावलंच तर गच्चीवर पाणी साठवून बघायला सांगा.

आमची भिंत सध्या विटांपर्यंत उघडी आहे. प्लास्टर खरवडून ती पूर्ण वाळू द्यायला सांगितलंय. दर महिन्याच्या एक तारखेला आई त्यावर प्लास्टिकचा कागद चिकटवते आणि दुसऱ्या दिवशी चष्मा लावून थेंब शोधते. गेल्या दोन महिन्यांत एकही सापडलेला नाही. पुट्टीवाल्याला अजून तारीख दिलेली नाही.