जेरुसलेममधलं 'ओरिजिनल अरब हाऊस', बाका भागात तीन रात्री

घर म्हणून पाचपैकी साडेचार, डोळे झाकून. भिंती इतक्या जाड की खिडकीत मांडी घालून चहा प्यायचा, छत उंच, दुपारच्या उन्हात एसी लावायची गरजच पडली नाही. अंगणात पावसाचं पाणी साठवायची जुनी टाकी आहे, वर लोखंडी झाकण. गरम पाणी सोलरचं, ढग असतील तर अर्धा तास आधी स्विच टाका, मी टाकला नाही आणि कुडकुडलो.

आता फरशी. नक्षीच्या जुन्या फरशा आहेत, फोटोत पाहूनच बुकिंग केलेलं, पण हॉलच्या बरोब्बर मधून साध्या पांढऱ्या फरशांची एक सरळ पट्टी जाते (फोटोत तिच्यावर गालिचा होता, हुशार लोक). होस्टला विचारलं तर म्हणाला इथे भिंत होती, १९४८ नंतर एकेका घरात दोन-तीन ज्यू निर्वासित कुटुंबं कोंबली होती, त्याची आजी बगदादहून आलेली, तिच्या वाट्याला हा अर्धा हॉल. तिचं तिकडचं घर इराक सरकारने गोठवलं, १९५१ चा कायदा. हे सगळं तो मोकळेपणाने बोलला, पण घर बांधलं कोणी विचारलं तर एकच शब्द, "गेले".

गेले म्हणजे ४८ च्या युद्धात घर सुटलं आणि मग इस्रायलच्या १९५० च्या कायद्याने अरब मालक 'गैरहजर' ठरले, घर सरकारजमा, भले ते याच शहराच्या पूर्व भागात राहत असोत (६७ च्या युद्धात इस्रायलने घेईपर्यंत तो भाग जॉर्डनकडे होता, बाका पश्चिमेला इस्रायलकडे). उलट १९७० च्या कायद्याने ज्यूंना पूर्वेकडची ४८ च्या आधीची मालमत्ता परत मागता येते, अरबांना पश्चिमेकडची नाही. दोन्ही भागांच्या सीमेवरच्या मुसरारा वस्तीत अरब आर्किटेक्ट अंदोनी बरामकींनी १९३२ मध्ये बांधलेलं घर आहे, ४८ नंतर तिथे सीमेवरची लष्करी चौकी झाली, ६७ नंतरही त्यांना ते परत मिळालं नाही, आज तिथे म्युझियम आहे. बाहेरून तरी बघून याच, गोळ्यांची भोकं अजून दिसतात.

अर्धा स्टार कापला तो लिस्टिंगसाठी. तिथे 'अरब हाऊस' म्हटलं की भाव चढतो, मग त्या अरबाचं नाव लिहायला काय जातं? होस्ट माणूस भला आहे हो, आजीचा फोटोही दाखवला.

शुक्रवारी दुपारनंतर शनिवार संध्याकाळपर्यंत बस नाही, दूध-ब्रेड आधीच आणून ठेवा. आणि खोली अंगणाकडचीच मागा.