कनोबल्स: पूर्ण हंगाम वापरून झाल्यावर

पेन्सिल्वेनियातल्या एलिसबर्गजवळच्या कनोबल्स या मनोरंजन पार्कबद्दल जे वाचायला मिळतं, ते बहुतेक एका दिवसाच्या भेटीवरून लिहिलेलं असतं. आम्ही वसंतात पार्क उघडल्यापासून ऑक्टोबरपर्यंत जमेल तसे जात राहिलो. सुरुवातीला आवडली ती झाडं, सावली आणि मधून वाहणारा ओढा. उन्हाळा सरत आला तेव्हा लक्षात आलं, की इथल्या ज्या राइड्सवर आपण पुन्हा पुन्हा जातोय, त्यातल्या बऱ्याचशा कुठल्या ना कुठल्या बंद पडलेल्या पार्कमधून आलेल्या आहेत, नाहीतर बंद पडलेल्या राइडवरून नव्याने बांधलेल्या आहेत. तेव्हापासून मी हे पार्क निराळ्या नजरेनं बघायला लागलो.

आधी पैशांचं, कारण सगळे तेच विचारतात. आत शिरायला तिकीट नाही, पार्किंगलाही नाही. जी राइड घ्याल तिचीच तिकिटं द्यायची. ज्यांच्याकडे उन्हाळ्यात भारतातून आई-वडील येतात, त्यांना याचं मोल लगेच कळेल. मोठ्या पार्कमध्ये आजी-आजोबा नुसते बाकावर बसणार असले तरी त्यांचं पूर्ण तिकीट काढावं लागतं. इथे माझी आई ओढ्याकाठी निवांत बसायची, मनात आलं की लहान आगगाडीतून एक फेरी मारायची आणि "माझ्यासाठी कशाला खर्च?" हे वाक्य तिला एकदाही म्हणावं लागलं नाही. कुत्र्यालाही साखळी लावून आत नेता येतं.

कनोबल कुटुंब मूळचं शेतीवाडीचं आणि लाकडाच्या धंद्यातलं. त्यांच्या जमिनीतून वाहणाऱ्या ओढ्यात पोहायला रविवारी लोक घोडागाड्या भरून यायचे. तिथे हळूहळू खाण्यापिण्याची, बसायची सोय होत गेली. ४ जुलै १९२६ ला पोहण्याचा मोठा तलाव, उपाहारगृह आणि वाफेवर चालणारं मेरी-गो-राउंड अशी रीतसर सुरुवात झाली. मालकी आजही त्याच घराण्याकडे आहे. मला वाटतं, पुढचं सगळं या लाकडाच्या धंद्यातूनच समजतं. जुनं लाकूड बघून ते टाकायचं की वापरायचं, हे ज्यांना कळतं, त्यांनीच हे उद्योग करावेत.

सगळ्यात मोठा उद्योग म्हणजे फिनिक्स. हा लाकडी रोलर कोस्टर १९४७ मध्ये टेक्सासमधल्या सॅन अँटोनियोच्या प्लेलँड पार्कमध्ये 'रॉकेट' नावानं उभा राहिला. १९८० मध्ये ते पार्क बंद झालं आणि कोस्टर नुसताच उभा राहिला. कनोबल्सनी तो विकत घेतला. मूळ नकाशे हाताशी नव्हते, म्हणून उतरवताना एकेका फळीवर क्रमांक टाकून नोंद ठेवावी लागली. मग सगळं लाकूड जवळजवळ अर्धा देश ओलांडून इथे आलं आणि १९८५ मध्ये कोस्टर पुन्हा धावला. त्या काळी एवढा मोठा लाकडी कोस्टर असा हलवायचं धाडस कोणी करत नव्हतं.

आकडे ऐकून कोणी थक्क होणार नाही: उंची ७८ फूट, वेग ताशी ४५ मैलांच्या आसपास. पण सुरुवातीच्या अंधाऱ्या बोगद्यातून बाहेर पडल्यापासून शेवटच्या उंचवट्यापर्यंत जो खेळ चालतो, तो आकड्यांत बसत नाही. मांडीवरचा दांडा शरीराला घट्ट आवळत नाही, त्यामुळे प्रत्येक टेकाडावर माणूस आसनावरून खरोखर उचलला जातो. परतीच्या छोट्या टेकाडांवर तर हे लागोपाठ होतं. शक्यतो शेवटच्या डब्यात बसा, आणि अंधार पडल्यावर एकदा तरी जा. कोस्टरप्रेमींच्या मतदानात अलीकडच्या वर्षांत फिनिक्सला सर्वोत्कृष्ट लाकडी कोस्टरचा मान मिळालाय, तो मला पूर्ण पटतो.

फ्लाइंग टर्न्सची गोष्ट याहून हट्टी आहे. या प्रकारात रूळच नसतात. लाकडी पन्हळीतून गाडी घरंगळत येते आणि वळणावर भिंतीवर चढते. १९२९ मध्ये ओहायोत ही कल्पना पहिल्यांदा उभी राहिली, पुढे अनेक पार्कांत पसरली. १९६९ मध्ये क्लीव्हलंडचं युक्लिड बीच पार्क बंद झालं आणि लाकडी फ्लाइंग टर्न्स जगातून नाहीशी झाली. कनोबल्सनी ती नव्याने बांधायला घेतली आणि चाकांच्या व गाड्यांच्या अडचणी सोडवत २०१३ मध्ये एकदाची सुरू केली. मधल्या वर्षांत दुसऱ्या कुणीही ती मोडीत काढली असती. गाडीतला भार मोजूनमापून ठेवावा लागतो, त्यामुळे बसण्याआधी वजन करतात. साहजिकच रांग सावकाश सरकते. मुलांना आधी सांगून ठेवा आणि पार्क उघडताच इकडे या.

मेरी-गो-राउंड १९१३ चं आहे, ६३ कोरीव लाकडी घोड्यांचं. इथे पितळी कडीचा खेळ अजून चालतो. बाहेरच्या रांगेत बसायचं, दर फेरीला खांबाजवळून जाताना उजव्या हातानं कडी ओढायची. पितळेची मिळाली तर पुढची फेरी फुकट. एकेकाळी अमेरिकेत ठिकठिकाणी हा खेळ होता, आता मोजक्याच जागी उरलाय. माझ्या मुलीला याचं इतकं वेड लागलं, की बाकी राइड्स तिला नंतर सुचायच्या.

ब्लॅक डायमंड ही अंधारातली राइड न्यू जर्सीच्या वाइल्डवुडमधली. तिथे १९६० पासून तिच्यात सोन्याच्या खाणीचा देखावा होता, २०११ पासून इथे कोळशाच्या खाणीचा झाला. हा सगळा भागच अँथ्रासाइट कोळशाचा. १९६२ पासून ज्याच्या जमिनीखालचा कोळसा जळतोय ते सेंट्रेलिया गाव जवळच आहे. म्हणून पार्कातलं छोटं खाण-संग्रहालय आधी बघा. खाणकामगारांची अवजारं बघून आलात की राइडमधल्या विनोदांमागचं खरं जगणंही दिसतं.

ओढ्यानं जसं दिलं तसं हिरावलंही. १९७२ च्या अॅग्नेस वादळात पार्क बुडालं, २०११ च्या सप्टेंबरमध्ये पुन्हा पाणी शिरलं. दोन्ही वेळा साफसफाई करून दारं उघडली. १९७२ च्या पुरानंतर वर्षभरातच त्यांनी इथला नावाजलेला भूतबंगला बांधला, हे मला आजही विलक्षण वाटतं.

प्रचंड उंची, उलटेपालटे ट्रॅक यांचीच ओढ असलेल्या मोठ्या मुलांना हे पार्क पुरेल असं नाही. इम्पल्स नावाचा, माणसाला डोकं खाली करून फिरवणारा एक पोलादी कोस्टर आहे, पण त्या एकासाठी इतक्या लांब येऊ नका. पाच ते बारा वयाची मुलं आणि सोबत आजी-आजोबा असतील, तर मात्र मी दुसरं नाव सुचवणार नाही. शक्यतो आठवड्यातल्या मधल्या दिवशी या. ऑक्टोबरच्या शनिवार-रविवारी गर्दी असते, पण पानं रंगलेली असतात, म्हणून त्या दिवसांत आम्ही गर्दी सोसूनही गेलो. पुढच्या हंगामात पार्कलगतच्या कॅम्पग्राउंडमध्ये मुक्काम करायचा आमचा विचार आहे, म्हणजे रात्रीच्या फिनिक्सनंतर गाडी हाकत घरी परतायची घाई राहणार नाही.