सरकी : १६४० ग्रॅम ते ३३६० ग्रॅम, किचनच्या डिजिटल काट्याचा पाच महिन्यांचा अनुभव

काटा घेतला होता मुगवड्या आणि सांडगी मिरचीसाठी. बचत गटातून आम्ही पाकिटं भरून देतो, दोनशे ग्रॅमचं पाकीट दोनशेचंच भरायला पाहिजे म्हणून. १० किलोपर्यंतचा, एक ग्रॅमपासून दाखवणारा, दोन पेन्सिल सेलवर चालणारा, साधा पांढरा प्लास्टिकचा, कुठेही मिळतो तसा. पण डिसेंबरपासून त्याच्यावर वड्या कमी आणि मांजर जास्त मोजली गेली, म्हणून अनुभव पण तिचाच लिहिते. कोणाच्या घरी असं उपाशी जनावर आलं तर कामी पडेल.

आमचं गाव हिंगणघाटपासून आत. शेजारचे लोक दवाखान्याच्या कामानं घर बंद करून गेले होते, अठरा दिवस. परत आले, कापसाची खोली उघडली तर गंजीच्या मागे मांजर. जाताना दार लावलं तेव्हा आत राहून गेली असणार. एका कोपऱ्यात जुना रांजण होता, त्याच्या तळाला थोडं पाणी होतं, त्याच्यावरच जगली असं आम्हाला वाटतं. अंगभर कापूस चिकटलेला, राखाडी रंग, एवढीशी झालेली, म्हणून पोरीनं नाव ठेवलं सरकी. उचलली तेव्हा हाताला मांस लागलंच नाही. पाठीचा मणका न् मणका बोटाखाली मोजता येत होता, कमरेची दोन हाडं कातडीतून वर आलेली, आणि डोळे आत गेलेले. ओरडायला तोंड उघडायची पण आवाज निघत नव्हता.

मी वड्यांचं घमेलं काट्यावर ठेवलं, टेअरचं बटण दाबून शून्य केलं, त्यात जुनं लुगडं टाकून परत शून्य केलं आणि तिला ठेवलं. १६४०. मोठी मांजर होती ती, दात पूर्ण होते, पिल्लू नव्हतं. तीन-साडेतीन किलोची पाहिजे.

आता खरं सांगायचं ते हे की त्या क्षणी घरातल्या प्रत्येकाला एकच वाटत होतं, तिला पोटभर खाऊ घालावं. सासूबाईंनी तर दूध-पोळी कुस्करायला घेतली पण होती. मी फक्त एवढंच केलं की आमच्या ढोरांच्या डॉक्टरांना आधी फोन लावला, कारण दोन वर्षांपूर्वी उपाशी वासराच्या वेळी त्यांनी असंच थांबवलं होतं. ते म्हणाले, "ताई, आधी गरम करा, मग खायला. आणि खायला म्हणजे चमचाभर, पोटभर नाही." संध्याकाळी गाडीवर येऊन गेले. ताप पाहिला तर ३६.४ सेल्सिअस, मांजरीचं नॉर्मल ३८ ते ३९ च्या मधात असतं. अंग थंड असलं की आतडं पण काम करत नाही, घातलेलं तसंच पडून राहतं. म्हणून पाण्याच्या बाटलीत गरम पाणी भरून, कपड्यात गुंडाळून, तिच्या दोन्ही बाजूंना, दर अर्ध्या तासानं बदलायचं. रात्री अकराला कान कोमट लागले तेव्हा पहिला घास दिला.

घास किती, तर पाच ग्रॅम. इथे काटा कामी आला. डॉक्टरांनी हिशोब मोबाईलवर करून दाखवला : वजनाचा (किलोमध्ये) ०.७५ वा घात, गुणिले ७०. १.६४ किलोला साधारण १०० कॅलरी येतात, ही पडल्या पडल्या जगायला लागणारी रोजची गरज. पण इतके दिवस उपाशी जनावराला पहिल्या दिवशी त्याचा फक्त चौथा हिस्सा द्यायचा, म्हणजे २५ कॅलरी. मांजरीच्या तयार ओल्या खाण्याच्या आमच्या पाऊचवर ८५ ग्रॅमला ७० कॅलरी लिहिलेलं होतं, म्हणून दिवसाला ३० ग्रॅम, सहा वेळा पाच-पाच ग्रॅम. पाच ग्रॅम किती असतं माहीत आहे का, चहाच्या चमच्यात नीट भरत पण नाही. वाटी काट्यावर, शून्य, मोजायचं, वाटी गरम पाण्यात धरून कोमट करायचं, मग समोर. कोमट केलं की वास सुटतो, आणि मांजर वासानं खाते.

असं का, ते मला त्या रात्री कळलं आणि प्रत्येकाला कळायला पाहिजे. जनावर उपाशी असतं तेव्हा शरीर स्वतःचीच चरबी आणि मांस जाळून चालतं. रक्तातलं पोटॅशियम, फॉस्फरस, मॅग्नेशियम कसंबसं जागेवर असतं, पण आतला साठा संपलेला असतो. अशात एकदम भाकरी-पोळी-भात-दूध गेलं की साखर वाढते, इन्सुलिन सुटतं, आणि ते रक्तात उरलंसुरलं सगळं पेशींच्या आत ओढून घेतं. रक्तात एकदम तूट पडते. मग मान लोंबते, अंगातली ताकद जाते, हृदय बिघडतं, मांजरीत तर लाल पेशी पण फुटतात. हे पहिल्या पाच-सहा दिवसांत होतं, म्हणजे नेमकं जेव्हा आपल्याला वाटतं की आता वाचली. आणि उलट, मांजर दोन-तीन दिवस काहीच खात नसेल तर तेही चालत नाही, चरबी लिव्हरवर जाऊन बसते आणि डोळे-कान पिवळे पडतात. म्हणून एकदम भरायचं पण नाही आणि थांबवायचं पण नाही.

दुसऱ्या दिवशी ४० ग्रॅम, तिसऱ्या दिवशी ५५. डॉक्टरांनी बी-कॉम्प्लेक्सचं इंजेक्शन दिलं होतं (त्यातलं बी-वन खाणं सुरू करायच्या वेळी फार लागतं म्हणाले) आणि कातडीखाली थोडं सलाइन. तिसऱ्या दिवशी काट्यावर १७१० आलं आणि मी नाचलेच. नंतर कळलं, १०० मिली सलाइन म्हणजे १०० ग्रॅमच, ते पाण्याचं वजन होतं, मांसाचं नाही. पहिल्या आठवड्यात काट्यावरचा आकडा वर गेला म्हणून खुश होऊ नका.

चौथ्या दिवशी मी वेचणीला गेले. बाया मिळत नव्हत्या आणि कापूस फुटून लोंबत होता, जावंच लागलं. सहा पुड्या मोजून, वेळ लिहून ठेवून गेले. संध्याकाळी आले तर सरकी आपल्याच घाणीत पडलेली, पाण्यासारखी हगवण, आणि मान अशी खाली, हनुवटी छातीला टेकलेली, उचलून वर केली तरी परत खाली. बाजूला दुधाची वाटी, चाटूनपुसून साफ.

सासूबाई दारात बसून रडत होत्या. "अवं बाई, ती माह्याकडे पाहून तोंड उघडे नं. पाच-पाच ग्रॅम देऊन का होते? दुधानं कोणी मरते का वं?" मी त्यांना काय बोलणार. त्यांच्या लहानपणी त्यांनी स्वतः उपास काढलेले आहेत, त्यांना उपाशी जीव समोर पाहवत नाही. मोठ्या मांजरीला दुधातली साखर पचत नाही हे त्यांना कोणी सांगितलंच नव्हतं, आणि मी पण "देऊ नका" एवढंच म्हटलं होतं, का नाही ते नीट बसून सांगितलं नव्हतं. ती चूक माझी.

पहाटेच्या गाडीनं नागपूर. सेमिनरी हिल्सला पशुवैद्यकीय महाविद्यालयाचा दवाखाना आहे, तिथे नेली. रक्त तपासलं, पोटॅशियम आणि फॉस्फरस दोन्ही खाली. सलाइनमधून हळूहळू भरून काढलं, दोन दिवस बहिणीच्या घरी थांबून रोज नेली. सासूबाई सोबत आल्या होत्या, रात्रभर बाटल्या त्यांनीच बदलल्या. परत आलो तेव्हा काट्यावर १५८०. सुरुवातीपेक्षाही कमी.

मग पुन्हा ३० ग्रॅमपासून. ह्या वेळी पूर्ण १२० ग्रॅमपर्यंत जायला दहा दिवस घेतले. पुड्या मी मोजायची पण द्यायच्या सासूबाई, आणि भिंतीवरच्या कॅलेंडरवर खूण पण त्याच करायच्या. हा बदल सगळ्यात चांगला झाला.

आता काट्याबद्दल. एक ग्रॅम दाखवतो म्हणजे एक ग्रॅम बरोबर दाखवतोच असं नाही. मी मिठाची किलोची बंद पुडी ठेवून दिली आहे, मोजायच्या आधी दर वेळी ती ठेवून पाहते. थंडीत १००६ यायची, एप्रिल-मेमध्ये टिनाच्या खोलीत दुपारी १०१२ पर्यंत गेली, सकाळी परत १००६. म्हणून सकाळीच मोजायचं, उपाशीपोटी, त्याच जागी. सारवलेल्या जमिनीवर ठेवलं तर डोलतो आणि आकडा खाली-वर होतो, मी खाली फरशीचा तुकडा टाकते. मांजर हलली की आकडा पळतो, तेव्हा तीन वेळा पाहून मधला लिहायचा. आणि दोन मिनिटांत आपोआप बंद होतो, हा मोठा त्रास आहे, कारण घमेल्याचं शून्य पण त्याच्यासोबत जातं, परत सगळं पहिल्यापासून. मांजर नाराज होते ते वेगळं.

माणसांच्या वजनकाट्यावर आपण मांजर घेऊन उभं राहायचं आणि नंतर आपलं वजा करायचं, असं बरेच जण करतात. मोठ्या मांजरीला ठीक, पण तो काटा शंभर ग्रॅमच्या टप्प्यानं दाखवतो. आमच्या सरकीचं अख्ख्या आठवड्याचं वाढणं शंभर-सव्वाशे ग्रॅम होतं, त्या काट्यावर ते नीट कळलंच नसतं.

सुरुवातीला रोज मोजत होते, जानेवारीपासून फक्त रविवारी. डिसेंबरच्या शेवटी १८००, जानेवारी संपताना २३००, फेब्रुवारीत २७५०, मार्चमध्ये ३१००. एका रविवारी उलट ६० ग्रॅम कमी आले आणि बुधवारपर्यंत नाक वाहायला लागलं, म्हणजे काट्याला आमच्या आधी कळलं होतं. सर्दीनं नाक बंद झालं की वास येत नाही आणि खाणं सुटतं, म्हणून लगेच डॉक्टर. ताप वाटला म्हणून आपली पॅरासिटामॉलची गोळी मांजरीला कधीच देऊ नका, एक गोळी पण जीव घेते.

नुसत्या आकड्यावर पण राहू नका. दवाखान्यात एक ते नऊ अशा गुणांवर शरीर पाहतात, पाच म्हणजे बरोबर, सरकी आली तेव्हा एक होती. घरी पाहायचं तर मूठ आवळून बोटांच्या वरच्या हाडांवर हात फिरवा, बरगड्या तशा लागल्या तर वाळलेली. हात सरळ पसरून मागच्या बाजूला जसं लागतं तसं लागलं की बरोबर. तळव्यासारखं मऊ लागलं की जास्त झालं. फेब्रुवारीत पोट गोल दिसायला लागलं होतं पण मांड्या अजून काड्याच होत्या, मांस भरायला सगळ्यात जास्त वेळ लागतो.

खाण्याचं थोडक्यात. पाऊचवर पूर्ण आहार लिहिलेलं आहे का ते पाहा, काही पाऊच फक्त जोडीला द्यायचे असतात. जानेवारीपासून पिल्लांचं कोरडं खाणं मिसळत गेले, त्यात कॅलरी जास्त असतात आणि पाऊचपेक्षा स्वस्त पडतं. उकडलेली कोंबडी देते पण चवीपुरती, मीठ-हळद-कांदा-लसूण न घालता, कांदा-लसणानं मांजरीच्या लाल पेशी फुटतात, म्हणून आपल्या रश्श्यातला तुकडा धुऊन दिला तरी नको. नुसत्या कोंबडीवर महिनोन् महिने ठेवलं तर कॅल्शियम कमी पडतं, आणि शिजवून पाणी फेकलं तर टॉरिन (मांसातून मिळणारं, मांजरीला लागतंच असं एक पोषक द्रव्य) पण जातं. टॉरिन कमी पडलं की मांजरीचं हृदय आणि डोळे जातात. भात-पोळीत तर ते नसतंच.

जंताचं औषध डॉक्टरांनी पहिल्या दिवशी मुद्दाम दिलं नाही, अशक्त जनावराला नंतर, वजनावरून डोस काढून. तिथे पण काट्याचाच आकडा वापरला. मग लसी, रेबीजची धरून, आणि एप्रिलमध्ये नसबंदी.

काटा घ्यायचा तर घ्या, पण वरची प्लेट काढून धुता येईल असा पाहा, माझा नाही, फटीत खाणं जाऊन मुंग्या लागतात. सेलच्या झाकणाची क्लिप तिसऱ्या महिन्यात तुटली, रबर लावून चालू आहे. सेल आतापर्यंत दोनदा बदलले.

शेजारचे लोक तिला परत न्यायला आले होते, मांजर तशी त्यांच्याच गल्लीतली. दोन दिवस राहिली तिकडे, तिसऱ्या दिवशी सकाळी सहाला आमच्या ओट्यावर. रविवार होता. सासूबाईंनी चष्मा लावला, घमेलं ठेवलं, शून्य केलं, आणि आतून मला हाक मारून आकडा सांगितला, ३३६०.